जिन्यात सापडलेली पाकोळी आणि दहा महिने न उतरणारी पाकोळी

विचारणा थोडक्यात अशी आहे. साताऱ्यातल्या एका इमारतीत पार्किंगच्या स्लॅबला पिसं आणि गवताच्या लगद्यासारखी आठ-दहा घरटी चिकटलेली आहेत. परवा सकाळी शेजारच्या जिन्याच्या तळाशी त्यातलाच एक काळपट पक्षी पडलेला दिसला. पाय जवळजवळ दिसत नव्हते, उभंही राहता येत नव्हतं. "हे पक्षी जमिनीवरून उडू शकत नाहीत, त्यांना वर फेकावं लागतं" असं कुठंतरी वाचलेलं, म्हणून मुलांनी त्याला गच्चीवरून हवेत सोडलं. तो गटांगळ्या खात खालच्या झुडपात पडला. जिवंत आहे, सध्या खोक्यात आहे. आता प्रश्न असे: वर्षातले दहा महिने जमिनीला न टेकणारा पक्षी तो हाच का? उडता उडता झोपतात हे खरं का? यांना पाय नसतात का? आणि याचं आता करायचं काय?

मी उलट्या क्रमाने जातो. खोक्यातल्या पक्ष्याकडे वेळ कमी आहे.

फेकू नका. गेली वीस-बावीस वर्षं लोक माझ्याकडे पडलेल्या पाकोळ्या आणून देतात, आणि त्यातल्या बऱ्याच जणींना पहिल्या पडण्याने नाही, तर नंतरच्या फेकण्याने इजा झालेली असते. धडधाकट पाकोळी सपाट जमिनीवरूनही बहुतेक वेळा पंख आपटून उठते. ती पडून राहिली आहे याचाच अर्थ काहीतरी बिनसलंय. एक तर ती उपाशी आहे, काचेला किंवा पंख्याला धडकली आहे, किंवा अजून पिल्लूच आहे. अशा पक्ष्याला उंचावरून सोडणं म्हणजे पोहता न येणाऱ्याला विहिरीत ढकलण्यासारखं आहे.

आधी ती पिल्लू आहे की मोठी, हे बघा. पंख हलकेच उलगडून पिसांच्या मुळाशी पाहा. निळसर-करड्या नळ्या दिसल्या, म्हणजे पीस अजून म्यानातून पूर्ण बाहेर आलेलं नाही, तर ते पिल्लू आहे आणि आज ते उडणार नाही. हात पोहोचत असेल तर सरळ घरट्यात ठेवा. माणसाचा वास लागला म्हणून आई-बाप टाकून देतात ही समजूत खोटी आहे. मिटलेल्या पंखांची टोकं शेपटीच्या बरीच मागे जाऊन एकमेकांवर कात्रीसारखी येत असतील आणि नळ्या दिसत नसतील, तर ती उडण्याच्या वयाची आहे.

तोवर तिला बुटाच्या खोक्यात ठेवा. खोक्याला भोकं पाडा, तळाशी जुना सुती कपडा घाला. टर्किशचा टॉवेल नको, त्याच्या धाग्यात नख्या अडकतात. पिंजरा तर अजिबात नको. गजांवर पंख आपटून लांब पिसं मोडतात, आणि पिसं मोडलेली पाकोळी म्हणजे चाकं काढलेली सायकल. दूध-पाव, भात, भिजवलेली डाळ, यातलं काहीही देऊ नका. हा पक्षी जन्मात किड्यांशिवाय दुसरं काही खात नाही, आणि तेही जमिनीवरून टिपून नाही. समोर किडे ठेवले तर ती त्यांच्याकडे बघणारही नाही. चोचीच्या कडेला ओल्या बोटाने एखादा थेंब पाणी लावा, घशात ओतू नका. आणि पक्षी-प्राणी वाचवणारी जी कुणी मंडळी जवळ असतील त्यांना किंवा वनखात्याला आजच कळवा.

एक गोष्ट सांगून ठेवतो, नाहीतर घाबराल. तिच्या पिसांतून चपटी, खेकड्यासारखी तिरपी पळणारी माशी निघाली तर ती पाकोळीच्या अंगावर राहून रक्त पिणारी माशी आहे. दिसायला ओंगळ आहे, पण तिला तुमच्यात रस नाही.

आता पायांचं. तिला अंगातल्या सदऱ्यावर छातीशी टेकवून बघा. जी पकड बसेल त्यावरून पाय आहेत की नाहीत हे विचारायची गरज उरणार नाही. मी पहिल्यांदा पाकोळी हातात घेतली तेव्हा तिला शर्टावरून सोडवायला दुसऱ्या माणसाची मदत घ्यावी लागली होती. पाय आखूड आहेत, पिसांत दडलेले आहेत, पण नख्या सुईसारख्या आहेत. चिमणीची तीन बोटं पुढे आणि एक मागे असतं, त्यामुळे तिला फांदीला मूठ मारता येते. पाकोळीची चारही बोटं पुढे वळतात. या पायाने फांदीवर बसता येत नाही, जमिनीवर नीट चालता येत नाही, पण खडबडीत भिंतीला, कड्याला, पुलाच्या कमानीला लटकता येतं. हा पाय म्हणजे खुंटीला अडकवायचा आकडा आहे, इतकंच. शास्त्रज्ञांनी या गटाला 'एपस' हे नाव ग्रीकमधून दिलं, त्याचा अर्थ 'बिनपायाचा'. नाव ठेवणाऱ्यांनी पक्षी बहुधा खालूनच बघितला असावा.

तारेवर ओळीने बसलेल्या दिसतात त्या पाकोळ्या नाहीत, त्या भिंगऱ्या. आपल्याकडे नावांचा हा गोंधळ फार जुना आहे. गावाकडे पाकोळी, भिंगरी सगळं एकच, आणि कित्येक ठिकाणी तर वाड्याच्या माळवदातल्या लहान वटवाघळांनाही पाकोळ्याच म्हणतात. भिंगरी नात्याने चिमणी-बुलबुलांच्या गोतातली, तर पाकोळीचं जवळचं नातं अमेरिकेतल्या हमिंगबर्डशी. दोघी हवेतले किडे खातात म्हणून दोघींची अंगकाठी सारखी झाली, एवढंच. ओळखायची सोपी खूण म्हणजे घरटं. चिखलाच्या गोळ्यांचं असेल तर भिंगरी, पिसं आणि काड्या थुंकीने चिकटवलेलं असेल तर पाकोळी. तुमच्याकडची पांढऱ्या कमरेची, आखूड चौकोनी शेपटीची, म्हणजे आपली घरगुती पाकोळी. इंग्रजीत लिटल स्विफ्ट, जुन्या पुस्तकांत हाउस स्विफ्ट.

आणि इथेच तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर आहे. दहा महिने न उतरणारी पाकोळी ती ही नव्हे. ही तर रोज रात्री घरी येते. वीण नसली तरी वर्षभर घरट्यातच झोपते. खात्री करायची असेल तर तिन्हीसांजेला पार्किंगच्या तोंडाशी उभे राहा. पाकोळ्यांचा थवा चिरकत इमारतीभोवती घिरट्या घालतो, मग एकेक जण वेग न कमी करता आत घुसते आणि दिसेनाशी होते. मी हे शेकडो वेळा पाहिलंय, पण ती घरट्याच्या तोंडाशी नेमकी थांबते कधी, ते अजून डोळ्यांना पकडता आलेलं नाही.

दहा महिन्यांचा विक्रम तिच्या युरोपातल्या बहिणीचा, कॉमन स्विफ्टचा. वजन चाळीस ग्रॅमच्या आसपास, पंखांचा पसारा जेमतेम चाळीस सेंटिमीटर. उन्हाळ्यात दोन-अडीच महिने युरोपात पिल्लं वाढवते आणि उरलेलं वर्ष आफ्रिकेच्या आभाळात काढते. आफ्रिकेत यांची रातथाऱ्याची जागा कुणाला सापडत नव्हती, त्यामुळे त्या उतरतच नसाव्यात असा तर्क जुनाच होता. स्वीडनमधल्या लुंड विद्यापीठातल्या आंदेर्स हेडेनस्ट्रॉम यांच्या गटाने तो २०१६ मध्ये सिद्ध केला. ग्रॅमभर वजनाचं यंत्र पक्ष्याच्या पाठीवर बांधलं. त्यातला ॲक्सिलरोमीटर पक्षी उडतोय की टेकलाय हे नोंदवत राहतो. वर्षाने पक्षी त्याच घरट्यात परतला की यंत्र काढून नोंदी वाचायच्या. निघालं असं, की काही पाकोळ्या दहा महिन्यांत एकदाही टेकल्या नाहीत. काही मधूनमधून टेकल्या, पण त्यांचाही नव्व्याण्णव टक्क्यांहून जास्त वेळ हवेतच गेला.

या अभ्यासातली मला सर्वांत आवडलेली गोष्ट बातम्यांत फारशी आली नाही. ज्या पाकोळ्या अजिबात उतरल्या नाहीत, त्यांनी त्या काळात पंखांची पिसं बदलली होती. ज्या अधूनमधून टेकल्या त्यांची लांब पिसं जुनीच होती. म्हणजे उडतं विमान न उतरवता त्याच्या पंखाचे पत्रे एकेक करून बदलायचे, आणि ज्यांना ते जमलं नाही त्यांनाच विसावा घ्यावा लागला. त्या पिसं बदलू शकल्या नाहीत म्हणून दमल्या, की मुळातच अशक्त होत्या म्हणून दोन्ही घडलं, हे यातून ठरत नाही. पण पिसाची किंमत काय असते ते कळतं. पिंजऱ्याला मी इतका विरोध का करतो, तेही.

त्याआधी २०१३ मध्ये स्वित्झर्लंडच्या फेलिक्स लिश्टी यांनी मोठ्या पाकोळीची, म्हणजे अल्पाइन स्विफ्टची, सलग दोनशे दिवसांची हवेतली नोंद प्रसिद्ध केली होती. ही पाकोळी आपल्या सह्याद्रीतही आहे. गडाच्या कड्यावर बसला असाल आणि कानाजवळून कापड फाटल्यासारखा 'सर्रर्र' आवाज करत पांढऱ्या पोटाचं काहीतरी खाली दरीत गेलं असेल, तर ती हीच. आपल्याकडच्या दोनशे दिवस उडतात असं मात्र म्हणू नका, ती नोंद स्थलांतर करणाऱ्या स्विस पक्ष्यांची आहे.

झोपेविषयी. संध्याकाळी कॉमन स्विफ्ट वर वर चढत जातात, अगदी अडीच किलोमीटरपर्यंत, हे रडारवर दिसलेलं आहे. त्यावरून "झोपायला वर जातात" असं वर्षानुवर्षं लिहिलं गेलं. पण नेदरलँड्समध्ये रडारने नीट पाहिलं तर त्या पहाटेही तशाच वर चढतात. झोपायला जायचं असेल तर उजाडताना पुन्हा कशाला जायचं? दोन्ही संधिप्रकाशात वर जाऊन दूरवरचं हवामान आणि दिशा हेरत असाव्यात, हे स्पष्टीकरण मला जास्त पटतं. झोप त्या वरून घसरत खाली येताना, तुकड्या-तुकड्याने घेत असाव्यात. पक्षी उडताना झोपतो याचा मेंदूतल्या विजेच्या नोंदींवरून मिळालेला पुरावा २०१६ सालचाच, पण तो पाकोळीचा नाही, फ्रिगेट या समुद्रपक्ष्याचा आहे. तो उडताना दिवसाला सरासरी पाऊण तासाहून कमी झोपला, कधी अर्ध्या मेंदूने, कधी पूर्ण. पाकोळीच्या डोक्यावर बसवण्याइतकं हलकं यंत्र झालं की तिचंही कळेल.

आता पंख. खोक्यातल्या पाकोळीचा पंख उलगडलात तर कोपर जवळजवळ अंगातच असल्यासारखं वाटेल. खांद्यापासून कोपरापर्यंतचं हाड अगदी आखूड आणि दणकट, आणि मनगटापुढचा भाग, म्हणजे तुमचा-आमचा पंजा, प्रमाणाबाहेर लांब. आपण ज्याला तिचा पंख म्हणतो तो बहुतांश तिचा हात आहे. पुढे तो कोयत्यासारखा वळून टोकाला निमुळता होतो. लांब, अरुंद पंखाला हवेत तरंगताना कमी ओढ लागते आणि आखूड दणकट हाड स्नायूंचा जोर थेट पुढे पोहोचवतं.

यातली खरी करामत म्हणजे ती पंखाचा आकार चालू उड्डाणात बदलते. डेव्हिड लेंटिंक हे संशोधक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००७ मध्ये मेलेल्या पाकोळ्यांचे पंख विंड टनेलमध्ये, म्हणजे यंत्राने वारा सोडलेल्या बोगद्यात, वेगवेगळ्या कोनांत बसवून मापं घेतली. पंख पूर्ण पसरले तर सावकाश तरंगण्यासाठी उत्तम, मागे दुमडले तर वेगात तरंगण्यासाठी आणि वळण्यासाठी उत्तम. योग्य कोन निवडला तर खाली घसरण्याचा वेग निम्म्यावर येतो किंवा वळण्याचा वेग तिप्पट होतो. रात्री हवेत मुक्काम करताना त्या सेकंदाला आठ ते दहा मीटर वेगाने पसरल्या पंखांनी तरंगतात, आणि मापांनुसार कमीत कमी शक्तीत टिकून राहायला हाच वेग योग्य ठरतो. तुमच्या पार्किंगबाहेरच्या थव्यातही हे दिसेल. निवांत किडे टिपताना पंख जवळजवळ सरळ, आणि चिरकत पाठलाग सुरू झाला की कोयता.

वेगाचे आकडे जरा जपून वाचा. "ताशी १७० किलोमीटर" हा सुईशेपटीच्या पाकोळीचा आकडा सगळीकडे फिरतो, पण तो कसा मोजला याचा भरवशाचा कागद नाही. नीट मोजलेला आकडा कॉमन स्विफ्टचा, ताशी १११.६ किलोमीटर. वाऱ्याची मदत नाही, सूर नाही, पंख मारत केलेलं उड्डाण. ससाणा याहून वेगात जातो तो सूर मारताना, म्हणजे अर्धं काम गुरुत्वाकर्षण करतं. गंमत म्हणजे २०१६ मध्ये अमेरिकेतल्या एका वटवाघळाची ताशी १६० किलोमीटरची नोंद प्रसिद्ध झाली. वाऱ्याचा हिशेब त्यात नीट धरलेला नाही असं काही जण म्हणतात. ती नोंद टिकली तर वेगाचा मान पाकोळीकडून निघून वाड्यातल्या 'पाकोळी'च्या जातभाईकडे जाईल, आणि आपल्या आज्या बरोबर ठरतील.

पल्ल्याचं म्हणाल तर बीजिंगच्या उन्हाळी राजवाड्यातल्या पाकोळ्यांवर २०१४ मध्ये यंत्रं बसवली. त्या मंगोलिया, इराण, अरबस्तान असं करत आफ्रिकेच्या दक्षिण टोकाकडे जाऊन पुन्हा त्याच वाड्याच्या वाशांत परतल्या. जाऊन-येऊन साधारण सव्वीस हजार किलोमीटर. स्वीडनच्या काही पाकोळ्यांनी तर परतीच्या वाटेवर सलग नऊ दिवस रोज सरासरी आठशेहून जास्त किलोमीटर कापल्याची नोंद आहे.

हवेत राहायचं तर घराचं सामानही हवेतूनच आणावं लागतं. पोल्ट्रीजवळच्या एका मैदानावर मी एक दुपार कोंबडीची पिसं वाऱ्यावर सोडत बसलो होतो. पाकोळी येते, एकदा बाजूने जाऊन बघते, दुसऱ्या फेरीला पीस चोचीत. एक पीस तर तिघींनी एकमेकींकडून हिसकावलं. पुढचं काम लाळेचं. विणीच्या दिवसांत लाळेच्या ग्रंथी फुगतात, आणि ही लाळ वाळली की सरसासारखी कडक होते. ताडपाकोळी याच लाळेने ताडाच्या झुलत्या पानाच्या खालच्या अंगाला पिसांची पळी चिकटवते. तिची आफ्रिकेतली बहीण अंडीही चिकटवून टाकते, नाहीतर वाऱ्यात पडायची.

लाळेच्याच पायी वेंगुर्ल्याजवळच्या समुद्रातल्या खडकाळ बेटांवर चोऱ्या होत. तिथल्या गुहांत भारतीय स्विफ्टलेटची मोठी वसाहत आहे. ही चिमुकली पाकोळी मिट्ट काळोखात तोंडाने टकटक आवाज काढून प्रतिध्वनीवर वाट शोधते, आणि वटवाघळासारखा तिचा आवाज आपल्या कानांपलीकडचा नसतो, गुहेत उभं राहिलं की चक्क ऐकू येतो. घरटी चिनी सुपासाठी विकली जात. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने हे उघडकीला आणलं आणि वनखात्याच्या मदतीने पहारा बसवला.

पुन्हा तुमच्या खोक्याकडे. ती उडण्याजोगी असेल, तर सकाळी किंवा दुपार कलल्यावर मोकळ्या मैदानात न्या. खाली गवत असलेलं बरं. तळहातावर ठेवून हात डोक्याच्या वर धरा आणि थांबा. ती आधी थरथरेल. ती भीती नव्हे, स्नायू तापवतेय. दोन मिनिटं, कधी दहा. मग स्वतःहून निघेल, सुरुवातीला थोडी खाली झुकेल आणि उचलेल. नाही निघाली तर परत खोक्यात. आई-बाप तिला उडायला शिकवत नसतात. कॉमन स्विफ्टची पिल्लं घरट्यातच पंखांवर जोर देऊन जोर-बैठकांपैकी 'जोर' काढतात, अंगावरची चरबी उतरवून पंखांना पेलेल इतक्या वजनावर येतात, आणि मग एका सकाळी तोंडाशी येऊन स्वतःला सोडून देतात. पहिलंच उड्डाण, सराव नाही.

शेवटी एक गोष्ट तुम्ही विचारलेली नाही. तुम्ही पाठवलेल्या फोटोत घरट्यांच्या बरोबर खाली दोन-अडीच फुटांवर नवा पोटमाळा टाकलेला दिसतोय. विष्ठा गाडीवर पडू नये म्हणून असेल, हेतू समजतो. पण पाकोळी घरट्यातून बाहेर पडते ती आधी खाली, मग पुढे. पडताना मिळालेला वेग हीच तिची धावपट्टी. दोन फुटांत तिचा वेग बनत नाही, नव्या पिल्लाचा तर नाहीच. माझा संशय त्या फळीवर आहे. फळी सरकवून खाली गाडीच्या टपाच्या थोडी वर घ्या, विष्ठा तिथेही तेवढीच अडेल. आणि चेअरमन रंगकामाआधी घरटी पाडायचं म्हणत असतील, तर त्यांना एकदा रात्री नऊ वाजता बॅटरी घेऊन खाली बोलवा. प्रत्येक भोकातून एकेक डोळा चमकेल.